अपघातानंतर लायसनचा मुद्दा निघाला तर: क्लेम कुणाचा अडतो, कुणाचा नाही

गेवराई असो की अहमदपूर, अपघाताचे कागद घेऊन आलेल्या घरचा पहिला प्रश्न बहुतेक वेळा हाच असतो: "ड्रायव्हरकडं लायसनच नव्हतं म्हणतेत. मग आता आम्हाला काहीच मिळणार नाही का?" हे त्यांना कुणीतरी छातीठोकपणे सांगितलेलं असतं. कधी ठाण्याबाहेरच्या एखाद्या माहीतगाराने, कधी घरी येऊन गेलेल्या विमा तपासनिसाने. आणि तेवढ्यावर विश्वास ठेवून काही घरं दावाच दाखल करत नाहीत.

खरं उत्तर असं आहे: लायसनमध्ये खोट निघाली म्हणून जखमीचा किंवा मयताच्या वारसांचा हक्क सहसा जात नाही. त्या खोटीचा भार पडतो गाडीमालकावर. म्हणून हा लेख दोघांसाठी आहे. ज्यांना भरपाई मागायची आहे ते, आणि ज्यांच्या दारात एखादा पिकअप, टेम्पो किंवा ट्रॅक्टर उभा आहे ते. नव्याने दाव्यांचं काम सुरू करणाऱ्या ज्युनिअर वकिलांनाही यातलं काही उपयोगी पडेल.

पायरी पहिली: पैसे कोण मागतंय ते ठरवा

सगळा घोळ इथे होतो. एकाच अपघातातून तीन वेगवेगळे क्लेम निघू शकतात आणि लायसनचा नियम तिन्हींना सारखा लागू होत नाही.

रस्त्याने चाललेला माणूस, समोरच्या दुचाकीवरचा, एसटीची वाट पाहत उभा असलेला, हे सगळे त्रयस्थ, म्हणजे थर्ड पार्टी. त्यांच्यासाठीचा विमा कायद्याने सक्तीचा आहे आणि कायदा त्यांच्या बाजूने झुकलेला आहे. दुसरा क्लेम मालकाचा स्वतःच्या गाडीच्या नुकसानीचा. तो निव्वळ करार आहे; पॉलिसीत लिहिलेल्या अटी तिथे कडकपणे वाचल्या जातात. तिसरा, गाडी चालवणाऱ्याच्या स्वतःच्या जिवाचा किंवा इजेचा.

सर्वोच्च न्यायालयाने २००४ च्या स्वरनसिंग निकालात लायसनविषयी जे उदार नियम सांगितले ते पहिल्या प्रकारासाठी. ते स्वतःच्या गाडीच्या नुकसानीला लावता येत नाहीत, हे २००७ मध्ये लक्ष्मी नारायण धूत प्रकरणात स्पष्ट झालं. एकाला मिळाले म्हणून दुसऱ्याला मिळतील, हे गावात चालणारं गणित इथेच चुकतं.

पायरी दुसरी: लायसन नीट वाचा, आणि अपघाताच्या तारखेला वाचा

आज लायसन चालू आहे का, याला अर्थ नाही. अपघाताच्या दिवशी ते चालू होतं का, आणि त्या गाडीसाठी होतं का, हे दोनच प्रश्न.

लायसनचा नंबर आणि जन्मतारीख हाताशी असेल तर परिवहन खात्याच्या सारथी पोर्टलवर तपशील दिसतो. आपल्याकडच्या, म्हणजे मराठवाड्यातल्या, नंबरांची सुरुवात ओळखीची असते: एमएच २० छत्रपती संभाजीनगर, २१ जालना, २२ परभणी, २३ बीड, २४ लातूर, २५ धाराशिव, २६ नांदेड, ३८ हिंगोली, ४४ अंबाजोगाई. परराज्यातलं लायसन असेल तर ज्या आरटीओने दिलं तिथूनच खातरजमा करावी लागते. स्क्रीनवरची माहिती आपल्या समाधानापुरती. कोर्टात मात्र आरटीओचा सही-शिक्क्याचा उतारा लागतो, आणि तो उतारा सिद्ध करणारा माणूसही.

आता मुदत. खासगी गाडीसाठी वयाच्या ३० च्या आत लायसन काढलं तर ते ४० व्या वर्षापर्यंत चालतं. ३० ते ५० मध्ये काढलं तर १० वर्षं, ५० ते ५५ मध्ये काढलं तर साठीपर्यंत, आणि त्यानंतर दर ५ वर्षांनी. व्यावसायिक म्हणजे ट्रान्सपोर्टची मुदत ५ वर्षं. मोटार वाहन कायद्यातल्या २०१९ च्या दुरुस्तीआधी ती ३ वर्षं होती. धोकादायक माल वाहणाऱ्यांना मात्र ३ वर्षंच. एकाच कार्डावर खासगी आणि ट्रान्सपोर्ट अशा दोन तारखा असतात, आणि पुष्कळ ड्रायव्हर फक्त लांबची तारीख पाहून निर्धास्त राहतात.

जुन्या लोकांच्या डोक्यात अजून एक गोष्ट बसलेली आहे: मुदत संपली तरी महिनाभर चालतं. चालायचं. ती ३० दिवसांची सवलत २०१९ च्या दुरुस्तीने काढून टाकली. आता मुदत संपण्याच्या वर्षभर आधीपासून नूतनीकरणाचा अर्ज करता येतो. मुदत संपल्यावरही वर्षभरात तो करता येतो. मात्र मधल्या दिवसांत गाडी चालवणं म्हणजे विनालायसन चालवणंच. कोरोनाकाळातला अपघात असेल तर एक वेगळी गोष्ट लक्षात ठेवा. १ फेब्रुवारी २०२० ते ३१ ऑक्टोबर २०२१ या काळात मुदत संपलेली लायसन ३१ ऑक्टोबर २०२१ पर्यंत वैध धरावीत, अशा केंद्राच्या सूचना होत्या. त्या काळातले काही दावे अजून कोर्टात आहेत आणि हा मुद्दा विसरला जातो.

पायरी तिसरी: खोट कोणत्या जातीची आहे ते ओळखा

"लायसन नव्हतं" या एका वाक्यात पाच-सहा वेगळ्या गोष्टी कोंबलेल्या असतात.

सर्वात जास्त वाद झाला तो छोटा हत्ती, पिकअप, काळीपिवळी, ॲपे असल्या गाड्यांवरून. ड्रायव्हरकडे हलक्या मोटार वाहनाचं लायसन आहे, पण त्यावर ट्रान्सपोर्टचा शेरा नाही. एवढ्यावर कंपन्या हात वर करायच्या. २०१७ मध्ये मुकुंद देवांगन निकालाने सांगितलं की वजन ७,५०० किलोच्या आत असेल तर वेगळ्या शेऱ्याची गरज नाही. त्यावर पुन्हा शंका काढल्या गेल्या आणि प्रकरण पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठापुढे गेलं. ६ नोव्हेंबर २०२४ रोजी बजाज अलियान्झ विरुद्ध रंभा देवी या निकालात घटनापीठाने तीच भूमिका कायम केली. त्यामुळे आज कुणी "शेरा नाही म्हणून क्लेम नाही" असं पत्र देत असेल तर त्याला या निकालाची तारीख दाखवायची.

पण ७,५०० किलो हा आकडा कशाचा, ते नीट बघा. मालवाहू गाडीत मालासकट एकूण वजन धरतात, कार आणि ट्रॅक्टरच्या बाबतीत रिकामं वजन. दोन्ही आकडे आरसीवर असतात. छोटा हत्ती आणि पिकअप आरामात आत बसतात. आयशरच्या बाबतीत मात्र मॉडेलागणिक फरक आहे. नावावरून अंदाज बांधू नका, आरसी काढा. दहाचाकी ट्रकचा तर प्रश्नच नाही, तिथे जड वाहनाचंच लायसन हवं. ई-रिक्षा आणि धोकादायक माल वाहणाऱ्या गाड्यांना घटनापीठाने या सवलतीतून बाहेर ठेवलं आहे. त्यामुळे गॅसच्या किंवा डिझेलच्या टँकरवरचा माणूस नुसत्या हलक्या लायसनवर असेल तर मालक अडचणीत आहे.

ट्रान्सपोर्टची तारीख उलटून गेली, पण खासगी हलक्या वाहनाची चालू आहे आणि गाडी ७,५०० किलोच्या आत आहे, असं असेल तर रंभा देवीचा मुद्दा वकिलाने जरूर मांडावा.

ट्रॅक्टरचं म्हणाल तर ट्रॅक्टर चालवायचं लायसन असलेल्याने मागे ट्रॉली जोडली म्हणून लायसन अपुरं ठरत नाही. हे २००१ च्या नागशेट्टी निकालात आलेलं आहे. ऊसाच्या हंगामात माजलगाव, परळी, लातूरकडच्या रस्त्यांवर दोन-दोन ट्रॉल्या ओढणारे ट्रॅक्टर दिसतात, तेव्हा हा निकाल आठवून ठेवण्यासारखा आहे. मात्र तिथे लायसनपेक्षा मोठी अडचण वेगळीच निघते. ट्रॉलीत बसलेली टोळी, लग्नाचं वऱ्हाड, मडगार्डवर टेकलेला सोयरा, यांना पॉलिसीचं संरक्षण असेलच असं नाही. मालवाहू गाडीत फुकट बसवलेल्या प्रवाशाची जबाबदारी विमा कंपनीवर येत नाही, हे २००३ च्या आशा रानी निकालापासून पक्कं आहे. म्हणजे ड्रायव्हरचं लायसन एक नंबर असूनही क्लेम मालकाच्या अंगावर येऊ शकतो. मुकादमांनी आणि ट्रॅक्टरमालकांनी हंगामाआधी पॉलिसीत मजुरांचा जादा प्रीमियम भरलाय का, ते विचारावं. रक्कम फार नसते, विचारणारे मात्र कमी असतात.

शिकाऊ लायसन हेही लायसनच आहे. ते ६ महिने चालतं आणि त्याच्या अटी आहेत: एल पाटी, शेजारी पक्क्या लायसनवाला. अटी मोडल्या तर कंपनी भांडेल. तरी "लायसनच नाही" असं तिला म्हणता येत नाही.

बनावट लायसन सगळ्यात चिवट. बनावट लायसनचं पुढे खऱ्या आरटीओत नूतनीकरण झालं तरी मूळचं खोटं खरं होत नाही, असं २००१ मध्ये कमला प्रकरणात ठरलं. पण मालकाला ते बनावट आहे हे कसं कळणार? इथे न्यायालयांनी मालकाला चांगला आधार दिला आहे. लेहरू (२००३), पेप्सू (२०१३), ऋषिपाल सिंग (२०२२), गीता देवी (२०२३) या निकालांचा सूर एकच: मालकाने लायसन पाहिलं, ते दिसायला खरं होतं, माणूस गाडी नीट चालवतो हे तपासलं, तर प्रत्येक ड्रायव्हरसाठी आरटीओत जाऊन पडताळणी करायची अपेक्षा त्याच्याकडून नाही.

मुदत संपलेल्या लायसनला मात्र हा आधार नाही, कारण तारीख कार्डावरच छापलेली असते. २०२० च्या बेली राम निकालात हेच झालं. ड्रायव्हरने तीन वर्षं नूतनीकरण केलं नव्हतं, मालकाने एकदाही विचारलं नाही, आणि पैसे मालकाच्या खिशातून गेले.

आणि अल्पवयीन पोरगं गाडीवर असेल तर भरपाई बाजूलाच राहू द्या. कलम १९९अ खाली पालक किंवा मालकाला ३ वर्षांपर्यंत कैद आणि २५,००० रुपये दंडाची तरतूद आहे.

पायरी चौथी: पहिल्या आठवड्यात काय करायचं, काय अजिबात करायचं नाही

एफआयआर, घटनास्थळाचा पंचनामा, दवाखान्याचे कागद, पोस्टमॉर्टेम अहवाल, गाडीची आरसी, पॉलिसी, लायसन यांच्या प्रती घ्या. १ एप्रिल २०२२ पासून पोलिसांनीच अपघाताचा पहिला अहवाल ४८ तासांत आणि सविस्तर अहवाल ९० दिवसांत न्यायाधिकरणाकडे द्यायचा आहे. ठाण्यात जाऊन तो निघाला का, हे विचारायचा तुम्हाला हक्क आहे. नुसतं विचारल्यानेही कागद हलतो, असा अनुभव आहे.

मालकांसाठी: ड्रायव्हरजवळ त्या क्षणी लायसन नव्हतं आणि ड्रायव्हरकडे लायसनच नाही, या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. लायसन घरी राहिलं असेल तर मुदतीत दाखवा. डिजिलॉकर किंवा एमपरिवहन ॲपवरचं लायसनही चालतं. हे केलं नाही आणि आरोपपत्रात कलम ३ व १८१, म्हणजे विनालायसन गाडी चालवल्याचं, लागलं, तर विमा कंपनी तेच आरोपपत्र पुढे करते. त्यातही ड्रायव्हरने "दंड भरून मोकळं होऊ" म्हणत गुन्हा कबूल केला की कंपनीचं अर्धं काम झालं. म्हणून फौजदारी कोर्टातल्या त्या कबुलीआधी दाव्याच्या वकिलाला विचारा.

आता न करायची गोष्ट. गाडी चालवत होता धाकटा, लायसन आहे थोरल्याचं, म्हणून थोरल्याचं नाव पुढे करायचं. हा सल्ला देणारे प्रत्येक तालुक्यात भेटतात. तो घेऊ नका. दवाखान्याच्या एमएलसी, म्हणजे पोलीस केसच्या, नोंदीत कोण आलं, इजा कुणाला झाली, फोन कुठे होता, टोलनाक्याच्या कॅमेऱ्यात कोण दिसतं, हे सगळं कंपनीचा तपासनीस काढतो. खोटं उघडं पडलं की जो क्लेम लायसनच्या खोटीसकट टिकला असता तोही जातो, वर गुन्हा दाखल होतो तो वेगळाच.

पायरी पाचवी: दावा कुठे, कधी

दावा मोटार अपघात दावा न्यायाधिकरणात, म्हणजे व्यवहारात जिल्हा न्यायालयात, आणि अंबाजोगाईसारख्या ठिकाणी अतिरिक्त जिल्हा न्यायालयात. अपघात पुण्याजवळ झाला तरी तुम्ही राहता त्या भागात दावा करता येतो. ऊसतोडीला किंवा कामाला बाहेर गेलेल्या कुटुंबांनी हे ध्यानात ठेवावं. कायद्यात अपघातापासून ६ महिन्यांची मुदत घातलेली आहे. त्या मुदतीला सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिलेलं आहे, पण त्या भरवशावर वर्ष घालवू नका. ड्रायव्हर, मालक आणि विमा कंपनी या तिघांनाही प्रतिवादी करा. महिलांना उत्पन्नाची अट न लावता जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मिळतो.

मयत किंवा जखमी स्वतःच दुचाकीवर विनालायसन होता म्हणून घरचे गप्प बसतात, असंही होतं. धडक दुसऱ्याच्या चुकीने झाली असेल तर केवळ लायसन नसल्यावरून तुमचीही चूक होती असं धरता येत नाही, हे २००८ च्या सुधीर कुमार राणा निकालात आहे. समोरच्या गाडीच्या विम्यावरचा दावा बिनदिक्कत करा. स्वतःच्या पॉलिसीतल्या १५ लाखांच्या मालक-चालक अपघात संरक्षणाला मात्र वैध लायसन ही अट आहे. तिथे ही खोट भोवते.

पायरी सहावी: कंपनीने लायसनचा बचाव घेतला की

कंपनीने कैफियतीत, म्हणजे दाव्याला दिलेल्या लेखी उत्तरात, "चालकाकडे वैध परवाना नव्हता" असं लिहिलं म्हणजे ते सिद्ध झालं असं नाही. सिद्ध करण्याची जबाबदारी कंपनीची आहे. नुसती खोट दाखवून भागत नाही. मालकाला ते माहीत होतं किंवा त्याने पुरेशी काळजी घेतली नाही, हेही कंपनीनेच दाखवायचं. त्यासाठी तिने मालकाला लायसन हजर करायची नोटीस द्यावी लागते, आरटीओतला साक्षीदार आणावा लागतो. दावेदाराच्या वकिलाने उलटतपासणीत हेच विचारायचं: नोटीस कधी दिली, कुणाला मिळाली, कोणत्या आरटीओचा उतारा आणला, तपासनीस स्वतः साक्षीला का आला नाही. निकाल वाचताना एक लक्षात ठेवा: १ एप्रिल २०२२ च्या आधीच्या प्रकरणांत हा बचाव कलम १४९ खाली सापडेल, नंतरच्या प्रकरणांत कलम १५० खाली.

समजा धुळे-सोलापूर महामार्गावर एका पिकअपने दुचाकीस्वाराला उडवलं आणि पिकअपवाल्याचं लायसन संपलेलं होतं. कंपनीने हे सिद्धही केलं. तरी बहुतेक प्रकरणांत आदेश येतो तो "आधी भरा, मग वसूल करा" असा. कंपनी वारसांना पूर्ण रक्कम देते आणि नंतर मालकाकडून घेते. वारसांच्या दृष्टीने निकाल लागला, मालकाच्या दृष्टीने तो आता सुरू होतो. कंपनीला वेगळा दिवाणी दावा लावायचीही गरज नाही. २००४ च्या नंजप्पन निकालाप्रमाणे ती त्याच न्यायाधिकरणात वसुली लावू शकते. वसुलीचा दाखला जिल्हाधिकाऱ्यांकडे गेला तर रक्कम जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसूल होते, म्हणजे नोटीस तहसीलमधून येते.

म्हणूनच मालकांनो, दाव्याची नोटीस आली की "विमा आहे, कंपनी बघून घेईल" म्हणत घरी बसू नका. कंपनीचा वकील कंपनीसाठी उभा असतो, तुमच्यासाठी नाही. तुम्ही गैरहजर राहिलात, प्रकरण तुमच्याविरुद्ध एकतर्फी चाललं, की वसुलीचा आदेश जवळपास ठरलेला. हजर व्हा, कैफियत द्या, साक्षीला उभे राहा. ड्रायव्हरला कामावर ठेवताना लायसन पाहिलं होतं, त्याची प्रत ठेवली होती, आधी कुणाकडे काम केलं ते विचारलं होतं, स्वतः शेजारी बसून गाडी चालवून पाहिली होती, हे शपथेवर सांगा. मोबाइलमध्ये काढलेला लायसनचा तारखेसहित फोटो इथे लाखमोलाचा ठरतो. आज ड्रायव्हर ठेवत असाल तर तो फोटो आजच काढा, आणि मुदत संपण्याच्या तारखेचा गजर लावा.

स्वतःच्या गाडीच्या नुकसानीचा क्लेम नाकारला असेल तर

इथे नियम कडक आहेत, पण दार बंद नाही. लायसनचा अपघाताशी संबंधच नसेल, उदाहरणार्थ यांत्रिक बिघाडाने गाडी पेटली, तर लायसनच्या नावाखाली क्लेम नाकारता येत नाही, हे २००३ च्या जितेंद्र कुमार निकालात आहे. काही अटी मोडल्या तरी पूर्ण नकार न देता ७५ टक्क्यांपर्यंत रक्कम देण्याची पद्धत २०१० च्या अमलेंदू साहू निकालात मान्य झाली आहे. लायसनच्या बाबतीत ती मिळेलच असं नाही, मागायला मात्र हरकत नाही.

आधी कंपनीच्या तक्रार विभागाला लेखी पत्र द्या. नकार आला किंवा महिनाभरात उत्तर नाही आलं, तर पुण्याच्या विमा लोकपालांकडे वर्षभरात तक्रार करता येते; मराठवाडा त्यांच्याच हद्दीत येतो, वकील लागत नाही आणि फी नाही. जिल्हा ग्राहक आयोगाची मुदत २ वर्षं. नकाराचं पत्र नेहमी लेखीच मागा. फोनवर "बसत नाही" म्हणाले, एवढ्यावर कुठेच काही चालत नाही.

अपील

न्यायाधिकरणाचा निकाल पटला नाही तर ९० दिवसांत मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठात अपील. वादातली रक्कम १ लाखाच्या आत असेल तर अपील नाही. रक्कम भरायला लावलेल्याने अपील केलं तर २५,००० रुपये किंवा निवाड्याच्या निम्मी रक्कम, यातलं जे कमी असेल ते आधी जमा करावं लागतं. कंपनी अपिलात गेली आणि वसुलीला स्थगिती मागत असेल, तर दावेदारांनी तिथे लगेच हजर होऊन कंपनीने पूर्ण रक्कम जमा करावी आणि त्यातला काही भाग आत्ताच काढू द्यावा, असा अर्ज करावा. अपील चालायला वर्षं लागतात, त्या काळात घर चालवायला तोच पैसा उपयोगी पडतो.